खानापूरच्या सिस्टरची मुदतीआधीची बदली: ऑर्डर आल्यापासून केएटीच्या निकालापर्यंत

कर्नाटकातल्या बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात जांबोटी-कणकुंबीकडच्या पट्ट्यातलं एक आरोग्य उपकेंद्र, आणि तिथली नर्सबाई. कागदावर पोस्टचं नाव प्राथमिक आरोग्य सुरक्षा अधिकारी, त्याआधी कनिष्ठ आरोग्य सहायकी होतं, लोकांसाठी आपली सिस्टर. पर्मनंट नोकरी, गट क. नाव आणि गाव लिहीत नाही कारण त्या अजून सर्व्हिसमध्येच आहेत, आणि ज्या ऑफिसातनं ऑर्डर निघाली तिथंच उद्या रजेचा अर्जपण द्यावा लागतो. मी स्वतः बरीच वर्षं सरकारी ऑफिसात एस्टॅब्लिशमेंटचं, म्हणजे नेमणुका-बदल्यांचं टेबल सांभाळलंय, म्हणून आमच्या भागातली माणसं असले कागद घेऊन माझ्याकडं येतात, आणि हे प्रकरण मी पहिल्या दिवसापासून केएटीच्या, म्हणजे सरकारी नोकरांच्या केसेस ऐकणाऱ्या कर्नाटक प्रशासकीय ट्रिब्युनलच्या, निकालापर्यंत जवळनं बघितलंय. सविस्तर लिहितोय कारण अशा केसमध्ये माणसं बहुतेक वेळा पहिल्या आठवड्यातच हरतात आणि का हरली ते त्यांना शेवटपर्यंत कळत नाही.

तर ऑर्डर. सिस्टरना त्या उपकेंद्रात येऊन सव्वादोन वर्षं झाली होती. दरवर्षीच्या जनरल बदल्या मे-जूनच्या आसपास होतात, त्या होऊन गेल्या, ह्यांचं नाव कुठंच नव्हतं. सप्टेंबर उजाडला, गणपती तोंडावर, शुक्रवारी संध्याकाळी ऑफिस सुटायच्या वेळेला व्हॉट्सॲपवर पीडीएफ आली. अथणी तालुक्यातल्या एका केंद्रात बदली, म्हणजे खानापुरातनं दीडशे किलोमीटरच्या पुढं, एकाच जिल्ह्यात असून. त्याच पानावर खालच्या ओळीत ह्यांच्या जागेवर दुसऱ्या एका सिस्टरची नेमणूक. आणि शेवटी वाक्य, की तात्काळ कार्यमुक्त करावं. नवरा बेळगावच्या एका डेपोत कंडक्टर, सासूबाईंचं आठवड्यातनं दोनदा डायलिसिस, धाकटा मुलगा दहावीला.

घरी आल्या तेव्हा पहिलं वाक्य हेच, "काका, मी कुठं चुकलो सांगा की. आजपर्यंत एक मेमो नाही मला."

प्रत्येक जण हाच प्रश्न विचारतो आणि तो अगदी रास्त आहे, पण कोर्टात त्या प्रश्नाला फार किंमत नाही हे मला त्यांना त्याच रात्री सांगावं लागलं. बदली ही शिक्षा नसते, नोकरीचाच भाग असते, असं सुप्रीम कोर्ट वर्षानुवर्षं सांगत आलंय. १९८६ चा बी. वरदा राव विरुद्ध कर्नाटक राज्य हा निकाल तर आपल्याच राज्यातला. त्यात कोर्टानं म्हटलं की बदली हा सेवेचा भाग आहे, पण वारंवार, अवेळी आणि कारण नसताना केलेल्या बदल्यांनी कुटुंब उखडलं जातं, कर्मचारी हताश होतो, हेही त्याच निकालात आहे. लोक दुसरा भाग वाचून खूष होतात, सरकारी वकील पहिला वाचून दाखवतो, आणि बहुतेक वेळा पहिलाच चालतो. १९९१ च्या शिल्पी बोस निकालात कोर्टानं चौकट स्पष्ट केली: बंधनकारक वैधानिक नियम मोडला असेल किंवा दुष्ट हेतू असेल तरच हात घालायचा, नुसत्या प्रशासकीय सूचना मोडल्या म्हणून नाही. १९९३ च्या एस. एल. अब्बास निकालात नवरा-बायको एका ठिकाणी असण्याचा मुद्दा होता, तिथंही कोर्टानं सांगितलं की गाईडलाईन विचारात घ्याव्यात पण त्यातनं हक्क तयार होत नाही. म्हणजे डेपोतला नवरा, डायलिसिस, दहावी, हे सगळं खरं असून केस त्याच्यावर उभी राहत नाही. सिस्टर ऐकून गप्प बसल्या, मलापण सांगताना बरं वाटत नव्हतं, पण तेव्हा धीर देण्यासाठी खोटं बोललो असतो तर पुढचे सगळे अर्ज रडगाण्याचे झाले असते.

मग केस उभी कशावर राहते? कर्नाटकात आरोग्य खात्याच्या लोकांकडं एक गोष्ट आहे जी बऱ्याच खात्यांकडं नाही, आणि आमच्याच लोकांना ती ठाऊक नसते. डॉक्टर आणि इतर स्टाफच्या बदल्यांसाठी २०११ साली विधिमंडळानं वेगळा कायदाच केलाय, मेडिकल ऑफिसर आणि इतर कर्मचारी बदली नियमन कायदा. त्याचा गाभा म्हणजे बदल्या कौन्सेलिंगनं करायच्या, यादी लावून, कुठल्या जागा रिकाम्या आहेत ते सगळ्यांसमोर ठेवून. आता हा कायदा आहे, नुसती गाईडलाईन नाही. म्हणजे अब्बासच्या निकालातलं "गाईडलाईन म्हणजे हक्क नव्हे" हे उत्तर इथं जसंच्या तसं लागू पडत नाही, शिल्पी बोसमधला "वैधानिक नियम मोडला" हा दरवाजा उघडतो. शिवाय ७ जून २०१३ चा राज्याचा सर्वसाधारण बदली आदेश होताच, त्यात मुदतीआधी, म्हणजे एका जागी किमान ठेवायची ठरलेली वर्षं भरायच्या आधी, कुणाला हलवायचं तर कारण लिहून मुख्यमंत्र्यांची आधी मंजुरी घ्यायची असं होतं. तर प्रश्न असा झाला, की सप्टेंबरातली ही ऑर्डर कुठल्या रस्त्यानं आली? कौन्सेलिंगनं नाही हे उघड होतं. मग कारण कुठं लिहिलंय, आणि मंजुरी कुठाय?

ऑर्डर पुन्हा वाचली, ह्यावेळी वरनं. आपल्याकडच्या सरकारी पत्रात विषय झाला की खाली उल्लेख असतो, म्हणजे कुठल्या कुठल्या कागदावरनं हे पत्र निघालं त्याची यादी. लोक ती ओळ सोडून थेट आपलं नाव शोधतात. ह्या ऑर्डरच्या उल्लेखात एका लोकप्रतिनिधीच्या पत्राचा नंबर आणि तारीख होती. पूर्ण ऑर्डर कन्नडमध्ये, सिस्टरना कन्नड नीट येतं, खात्याची परीक्षा पास आहेत, तरी घाबरलेल्या मनानं ती ओळ सुटली होती. केसची पहिली खरी वस्तू ती ओळ होती.

शनिवार-रविवार सणाचे. त्या दोन दिवसांत घरी येऊन लोकांनी जे सल्ले दिले ते लिहिलेच पाहिजेत, कारण सगळीकडं हेच सल्ले देतात. पहिला, आजारी पडा, मेडिकल टाका. दुसरा, ऑर्डर घेऊच नका, सही करू नका म्हणजे लागू होत नाही. तिसरा, आपणपण दुसऱ्या नेत्याचं पत्र आणू, ह्याचं पत्र त्यानं कापू. नवरा तिसऱ्यासाठी गाडी काढून तयारच होता.

तिन्ही घातक आहेत. १९८९ च्या गुजरात इलेक्ट्रिसिटी बोर्डच्या निकालात सुप्रीम कोर्टानं सरळ सांगितलंय की बदलीविरुद्ध अर्ज दिला म्हणून हजर न होण्याची सूट मिळत नाही, स्टे नाही तोवर ऑर्डर पाळायची, नाहीतर गैरहजेरीची कारवाई अंगावर येते. ऑर्डर न घेण्याचं तर नावच नको, आता मेलवर येते, एचआरएमएसमध्ये, म्हणजे पगार आणि नोकरीच्या नोंदीच्या सरकारी कॉम्प्युटर सिस्टीममध्ये चढते, तुम्ही सही करा नाहीतर करू नका. मेडिकल टाकलं की तपासायला मेडिकल बोर्डाकडं पाठवतात, आणि खोटं निघालं तर मूळ केस बाजूला राहून तुमचीच चौकशी सुरू. आणि नेत्याचं पत्र आणणं म्हणजे आपल्या हातानं आपला मुद्दा बुडवणं, वर्तन नियमात बाहेरचा दबाव आणायला बंदी आहे आणि समोरचा वकील तेच पत्र कोर्टात फडकवतो की बघा, ह्यांनी तेच केलं. गावकऱ्यांनी सह्यांचा अर्ज द्यायचं ठरवलं होतं, तो त्यांचा स्वतःचा अधिकार, पण सिस्टरनी त्यात कुठं दिसू नये एवढं मी बजावलं.

सोमवारी सकाळी काय झालं ते बारकाईनं सांगतो, कारण पुढं ट्रिब्युनलमध्ये अर्धी केस ह्याच सकाळवर फिरली. नव्या सिस्टर पतीला घेऊन उपकेंद्रात हजर, हातात ऑर्डर आणि भरलेला सीटीसी फॉर्म, म्हणजे चार्ज दिल्या-घेतल्याचा दाखला, दोघींनी सही केली की चार्ज बदलला. आमच्या सिस्टर टेबलाशी बसून होत्या, समोर गरोदर बायकांचं रजिस्टर, गरोदरपणाच्या नोंदीच्या तायी कार्डांचा गठ्ठा, औषधांचं स्टॉक बुक, बीपीचं मशीन, कपाटाच्या दोन किल्ल्या, आणि उपकेंद्राच्या किरकोळ खर्चासाठीच्या अनटाइड फंडाच्या जॉइंट खात्याचं चेकबुक. त्यांनी नकार दिला नाही. एवढंच म्हटलं, "ताई, स्टॉक मोजल्याशिवाय सही कशी करू, आणि चेकबुकचं मेडिकल ऑफिसरांना विचारल्याशिवाय नाही होणार." आणि ते नियमालाच धरून होतं. स्टॉकमध्ये आयर्नच्या गोळ्यांचा नवा बॉक्स चढवायचा राहिला होता, मोजणी दुपारपर्यंत चालली, तेवढ्यात वरनं एकतर्फी कार्यमुक्त केल्याचं पत्र आलं. म्हणजे सीटीसीवर ह्यांची सही नाही, आणि रिलीव्ह झाल्याचं पत्र मात्र आहे. जिथं जिथं एकतर्फी रिलीव्ह करतात तिथं हीच अवस्था करून ठेवतात, की माणूस जुन्या जागी नाही आणि नव्या जागी अजून गेलेला नाही.

त्याच दुपारी सिस्टरनी अर्ज दिला, मेलवर आणि हातानंपण, पोच घेऊन. त्यात रडणं नव्हतं. बदली मुदतीआधीची आहे, कौन्सेलिंग झालेलं नाही, कारण लिहिलेलं नाही, फेरविचार व्हावा, आणि मी जॉइनिंग टाईममध्ये (नव्या जागी हजर व्हायला मिळणाऱ्या दिवसांत) आहे, आदेश मोडायचा माझा हेतू नाही. हे शेवटचं वाक्य आम्ही गाठलेल्या वकिलांनी घालायला लावलं आणि ते सोन्याचं ठरलं.

बेळगावात केएटीचं खंडपीठ आहे म्हणून बरं, नाहीतर पूर्वी सगळ्याला रात्रीची बस धरून बेंगळुरू. सरकारी नोकरीतल्या बदलीसाठी थेट धारवाडला हायकोर्टात जाता येत नाही, आधी ट्रिब्युनल, १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर हे पक्कं झालं, धारवाड बेंच नंतर आहे. १९८५ च्या ट्रिब्युनल कायद्यात म्हटलंय की साधारणपणे आधी खात्यातले उपाय संपवावेत, पण ते "साधारणपणे" आहे, रिलीव्ह करून मोकळे झाल्यावर सहा महिने उत्तराची वाट बघत बसावं असा अर्थ नाही. दोन दिवसांत अर्ज दाखल झाला. प्रतिवादी सरकार, खात्याचे अधिकारी, आणि चौथ्या प्रतिवादी म्हणून नव्या सिस्टर. हे नाव घालायचं नको असं आमच्या सिस्टरना वाटत होतं, त्या बिचारीशी माझं काय भांडण. भांडण नाहीच, पण जिच्या पोस्टिंगवर परिणाम होणार तिला ऐकल्याशिवाय आदेश टिकत नाही, म्हणून घालावंच लागतं. तिकडनं कॅव्हेट, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज, आधीच पडलं होतं, त्यामुळे पहिल्याच दिवशी त्यांचा वकील उभा.

अर्ज लिहिताना तीन गोष्टी वकिलांनी काढून टाकल्या आणि तिन्हींवर आमचा वाद झाला.

एक, लोकप्रतिनिधीच्या दुष्ट हेतूचा आरोप. नवऱ्याला तोच हवा होता. पण दुष्ट हेतू म्हटलं की त्या माणसाला नावानं पार्टी करा, काय, कधी, कशासाठी ते शपथेवर लिहा आणि सिद्ध करा, आमच्याकडं पत्राच्या नंबराशिवाय काही नव्हतं. शिवाय २००७ च्या मोहम्मद मसूद अहमद निकालात सुप्रीम कोर्टानं म्हटलंय की आमदाराच्या शिफारशीवर बदली झाली एवढ्यानं ती बेकायदा होत नाही. त्यापेक्षा २००९ चा सोमेश तिवारी निकाल कामाचा, तिथं निनावी तक्रारीवरनं शिक्षेच्या जागी केलेली बदली कोर्टानं रद्द केली, म्हणजे कुणाचं मन वाईट होतं हे दाखवायची गरज नाही, बदलीच्या मागं संबंध असलेलं कारणच नाही एवढं दाखवलं तरी पुरे. मला हे तेव्हाच पटलं.

दोन, सासूबाईंचं डायलिसिस आणि मुलाची दहावी ही मुख्य मुद्द्यातनं काढून शेवटच्या एका परिच्छेदात गेली.

तीन, भाषा. ह्यावर मी स्वतः खूप बोललो. त्या उपकेंद्राखालच्या वाड्या पूर्ण मराठी, म्हाताऱ्या बायकांना कन्नडचा एक शब्द कळत नाही, पावसाळ्यात ओढे भरले की आजारी माणसाला खांद्यावरनं आणावं लागतं असा भाग, तिथं क्षयाच्या पेशंटला गोळ्या मध्येच सोडू नको हे समजावून सांगणारी बाई त्याच्या भाषेतली असणं ही चैन नाही, औषधाइतकीच गरज आहे. आजही मला तेच वाटतं. पण वकील म्हणाले की पेशंटच्या गरजेचा मुद्दा हा धोरणाचा आहे, तो कर्मचाऱ्याचा हक्क होत नाही, आणि बेळगावात बसून तो पहिल्या पानावर घातला तर ही बदलीची केस न राहता सीमाप्रश्नाची होईल. सीमेचा दावा २००४ पासून सुप्रीम कोर्टात आहे, तो तिथं लढायचा, ह्या बाईच्या पगारावर नाही. सिस्टरपण म्हणाल्या, "माझं कन्नड चांगलं आहे काका, उद्या कुणी म्हणायला नको की कन्नड नको म्हणून कोर्टात गेलो." तो मुद्दा निघाला. गावकऱ्यांच्या अर्जात मात्र तो नीट मांडला गेला, आणि त्याची जागा तिथंच होती.

पहिल्या तारखेला सरकारी वकिलांनी सूचना घ्यायला वेळ मागितला आणि म्हणाले अर्जदार रिलीव्ह झालेली आहे, आता स्टेला अर्थ नाही. चौथ्या प्रतिवादीचा वकील म्हणाला माझ्या अशिलानं चार्ज घेतलाय. तेव्हा आमच्या वकिलांनी सीटीसी मागितला. त्यावर एकाच बाजूची सही. ट्रिब्युनलनं पुढच्या तारखेपर्यंत ऑर्डरला अंतरिम स्थगिती दिली आणि मूळ फाईल हजर करायला सांगितलं. त्या सकाळी घाबरून सही केली असती तर नुसता "अर्जाचा विचार करा" असा निर्देश घेऊन परत यावं लागलं असतं, हे मी टेबलावर असताना किती जणांच्या बाबतीत बघितलंय.

स्टे मिळाला म्हणजे प्रश्न मिटला असं घरच्यांना वाटलं, पेढे वाटले. आणि मग खरा छळ सुरू झाला. सिस्टर उपकेंद्रात कामाला, गुरुवारचं लसीकरण, घरभेटी, सगळं चालू, पण एचआरएमएसमध्ये त्यांचं नाव अथणीकडं ढकललेलं. खानापूरच्या बाजूनं पगार निघेना कारण नाव इथं नाही, तिकडनं निघेना कारण त्या तिथं हजर नाहीत. नव्या सिस्टर त्याच जागेवर दाखवलेल्या. पगाराविना दिवाळी गेली. घरातला एक पगार पेट्रोल आणि डायलिसिसच्या ये-जा मध्ये संपायचा. कोर्टाची ऑर्डर असून सिस्टीममध्ये बदल करायला वरनं लॉगिन मिळत नाही असं कुणीतरी सांगायचं, आणि वर म्हणजे नक्की कोण ते कुणी सांगायचं नाही. ह्या भागाचा मला सगळ्यात जास्त राग आहे. कायद्याच्या मुद्द्यावर दोन बाजू असू शकतात, पण स्टे असलेल्या बाईचा पगार अडवण्याला दुसरी बाजू नाही.

दरम्यान माहिती अधिकाराचा अर्ज टाकला होता. दहा रुपये फी, आणि आपल्या राज्यात अर्ज एकशे पन्नास शब्दांच्या आत आणि एकाच विषयावर लागतो, लोक चार पानं लिहितात आणि परत येतात. आम्ही दोनच गोष्टी मागितल्या, उल्लेखातल्या पत्राची प्रत आणि ऑर्डरची टिप्पणी, म्हणजे फाईलमधली ती पानं जिथं क्लार्कपासून वरपर्यंत प्रत्येकानं आपलं मत लिहून सही केलेली असते. प्रत आली तोवर मूळ फाईलही ट्रिब्युनलसमोर आली होती.

पत्रात आमच्या सिस्टरांविरुद्ध एक अक्षर नव्हतं. तक्रार नाही, कामचुकारपणा नाही, काही नाही. फक्त चौथ्या प्रतिवादीला अमुक उपकेंद्रात जागा द्यावी. टिप्पणीत त्यावर मंजुरी होती, पण ती मंजुरी त्यांच्या पोस्टिंगला. जागेवर बसलेल्या बाईला का हलवायचं, तिची मुदत किती झाली, ह्यावर कुणी ओळसुद्धा लिहिली नव्हती. ऑर्डर टाईप करताना ती जागा मोकळी करायला ह्यांचं नाव अथणीला टाकलं गेलं, एवढंच. सिस्टर तो कागद वाचून रडल्या. तीन महिने त्या आपलं काय चुकलं हे शोधत होत्या, आणि फाईलमध्ये त्यांचा विचारच कुणी केलेला नव्हता.

निकाल अगदी मर्यादित आला आणि तसाच येतो. कायद्यातली पद्धत पाळली नाही, मुदतीआधी हलवण्याचं कारण नोंदलेलं नाही, ह्यांच्या बदलीला म्हणून मंजुरी नाही, सबब ऑर्डर ह्यांच्यापुरती रद्द, कायद्याप्रमाणे नवीन आदेश काढायला सरकार मोकळं. हे शेवटचं वाक्य वाचून नवरा म्हणाला मग जिंकलो काय? जिंकलो, पण त्या जागेवर कायमचा हक्क कुणालाच मिळत नसतो, उद्या कौन्सेलिंगमध्ये नाव आलं तर जावं लागेल, आणि सिस्टर जायला तयारपण आहेत, यादीत रिकाम्या जागा बघून.

नव्या सिस्टरांबद्दल लिहिल्याशिवाय हे प्रकरण पूर्ण होत नाही. त्यांचं एक मूल विशेष शाळेत आहे, बेळगावच्या जवळ राहणं त्यांना खरंच गरजेचं होतं, आणि कौन्सेलिंगमध्ये असं कारण मांडता आलं असतं. निकालानंतर त्यांना शेजारच्याच एका प्राथमिक आरोग्य केंद्राच्या रिकाम्या जागेवर घेतलं. ती जागा सप्टेंबरातही रिकामीच होती. यादी लावून, जागा दाखवून, दोघींना समोर बसवलं असतं तर अर्ध्या तासात दोघींचं काम झालं असतं आणि एका दुर्गम उपकेंद्राखालच्या गरोदर बायकांना दोन-दोन सिस्टरांमधली ओढाताण बघावी लागली नसती. कायदा नेमका ह्यासाठीच केलाय.

ह्यानंतर एनएचएमवर (राष्ट्रीय आरोग्य अभियानात) कॉन्ट्रॅक्टमध्ये असलेल्या दोघी-तिघी विचारायला आल्या की आम्हालापण असंच जाता येईल का. त्यांना ह्याच वाटेनं पाठवता येत नाही, त्यांची नेमणूक दरवर्षीच्या कराराची, बदली कायद्याचा आधार त्यांना असा मिळत नाही, तो कराराच्या अटींवर वेगळा मामला आहे. आशाताईंचं तर मानधन, त्यांना बदली नसते, पण सिस्टर हलल्या की सगळं ओझं त्यांच्यावर येतं. सिस्टर रिलीव्ह होत्या त्या पंधरवड्यात लसीकरणाला बायका गोळा करण्यापासून रेफरला गाडी बघण्यापर्यंत सगळं एकट्या आशाताईनं केलं.

आज स्थिती अशी आहे. एचआरएमएसमध्ये नाव परत खानापूरकडं आलंय, अडकलेला पगार निघाला, फक्त रिलीव्ह केल्यापासून स्टे मिळेपर्यंतचे दिवस अजून लटकलेत, ते रजेत धरायचे की कंपल्सरी वेटिंग, म्हणजे खात्यामुळं जागेविना थांबावं लागलं, म्हणून ड्यूटीत, ह्यावर खात्यानं निर्णय दिलेला नाही. रजेचा अर्ज भरून द्या म्हणून तोंडी सांगतायत, सिस्टरनी तो दिलेला नाही आणि देऊ नये असंच माझं सांगणं आहे, कारण रजा मागितली म्हणजे आपण स्वतःहून गैरहजर होतो हे कबूल केल्यासारखं होतं. निकालाची सर्टिफाईड कॉपी जोडून लेखी मागणी दिलीय, सर्व्हिस रजिस्टरमध्ये बदलीची नोंद झालीय तशी ती रद्द झाल्याचीही नोंद घ्यावी असंही त्यातच लिहिलंय, आणि पोच घेतलीय.